कडीवरचा हात

जून लागला की माझा फोन थांबत नाही. शाळांच्या परीक्षा आटोपलेल्या असतात, नोकऱ्यांचे करार संपत आलेले असतात आणि कतारच्या या दोहा शहरातली कितीतरी घरं आवराआवरीला लागलेली असतात. काही सुट्टीपुरती, काही कायमची. कायमची निघालेली माणसं मला फोन करतात. सोफा आहे, फ्रीज आहे, मुलीचं अभ्यासाचं टेबल आहे, येऊन बघून जा. मी जातो. अल मन्सूरातलं माझं जुन्या सामानाचं दुकान याच महिन्यावर उभं राहिलं. जाणारे जे मागे ठेवतात ते मी उचलतो, पुसतो, नव्याने येणाऱ्यांना विकतो. उरलेलं कंटेनरमध्ये भरून हमद पोर्टवरून आफ्रिकेकडे रवाना करतो.

याच दिवसांत शमाल सुटतो. उत्तरेचा वारा. आकाश कणकेच्या रंगाचं होतं, भरदुपारी गाड्यांना दिवे लावावे लागतात, दात एकमेकांवर टेकले की कचकच वाजतात. खिडक्यांच्या फटींना आम्ही ओले टॉवेल लावतो. त्या टॉवेलांना धुळीचा जो वास येतो तो गावाकडच्या भिजलेल्या मातीचा नव्हे. हा वास ओला असूनही कोरडाच राहतो. पण तो आला की मी कुठेही असलो तरी एकाच उन्हाळ्यात जाऊन पडतो.

परवा असाच पडलो. अबू हमूरच्या एका कंपाउंडमध्ये, म्हणजे भिंतीआडच्या बंगल्यांच्या वसाहतीत, गेलो होतो. पुण्याचं कुटुंब, साहेब तेलाच्या कंपनीत इंजिनीअर, आता परत निघालेले. बाईंनी मुलीचं टेबल दाखवलं आणि म्हणाल्या, तिचं फार आवडतं होतं हो. मी नेहमीचं उत्तर दिलं, आवडण्याचे पैसे मी देत नाही. त्यांचा चेहरा उतरला. हे वाक्य मी आयुष्यभर वापरलंय आणि ते कधी वाया गेलेलं नाही. टेबल ओढलं तर मागच्या भिंतीवर एक स्वच्छ पांढरा चौकोन निघाला. बाकी भिंत पिवळसर, हा तेवढा कोरा. खिडकीला टॉवेल होता. मी त्या चौकोनाकडे बघत उभा राहिलो, आणि बाईंनी जो आकडा सांगितला त्याला हो म्हणून टाकलं. अशी चूक माझ्याकडून होत नाही.

तो उन्हाळा मुक्ता पहिलीत गेली तेव्हाचा. मुक्ता माझी मुलगी, एकुलती एक. इथली रीत अशी की शाळा सुटली की बायकामुलं देशात जातात आणि पुरुष मागे खिचडी करून खातात. सुलभाही, म्हणजे माझी बायको, दर जूनमध्ये मुक्ताला घेऊन मालवणजवळ माहेरी जायची. त्या वर्षी गेली नाही. आदल्या हिवाळ्यात तिची आई वारली होती. भाऊ बोलवत होता, पण सुलभा म्हणाली, दार उघडायला ती नाही तर मी कोणाच्या दारात उभी राहू. मी सिन्नरचा. आमच्याकडे असं बोलत नाहीत. अल मन्सूरातल्या दोन खोल्यांत मग आम्ही तिघं त्या धुळीत कोंडून राहिलो.

त्याच जूनमध्ये एका जर्मन बाईंनी मला बोलावलं. पिकलेल्या केसांच्या, शाळेत संगीत शिकवायच्या, एकट्या. त्यांचं कपाट आणि वॉशिंग मशीन घ्यायचं होतं. मी तेव्हा नवा होतो, कार्गोच्या शेडमध्ये खोकी ढकलणं सोडून नुकताच स्वतःचा धंदा मांडला होता, त्यामुळे जास्तच कडक होतो. दुपारभर ताणलं. शेवटी बाई वैतागल्या, आतून एक लाकडी पेटी आणून माझ्यापुढे ठेवली आणि म्हणाल्या, ही वर घ्या, पण भाव आता एक रियालही उतरणार नाही. पेटीत हाताने फिरवायचा छोटा प्रोजेक्टर होता आणि पत्र्याच्या दोन डब्यांत दोन रिळं. मला वाटलं, बाईने अडगळ गळ्यात मारली. रागारागाने उचलली. दारापर्यंत येऊन त्यांनी मला दोन गोष्टी सांगितल्या. दिवा चालू असताना हात थांबवायचा नाही, थांबलात तर चित्र जळेल. आणि लहान मूल असेल तर त्याला दाखवा.

शुक्रवारी दुपारी दाखवलं. कॅलेंडर काढलं की भिंतीवर पांढरा चौकोन उरायचा, तोच पडदा. खिडक्यांना धुळीसाठी टॉवेल होतेच, वर चादर टांगली की खोलीत मिट्ट काळोख. मुक्ता पुढे पाटावर, मी मागे स्टुलावर, आणि सुलभा माझ्या शेजारी जमिनीवर. मी हँडल फिरवलं आणि भिंतीवर काळ्या कागदाची एक मुलगी चालायला लागली.

काळ्या कागदाचीच. आवाज नाही, रंग नाही. डोक्यावर टोपडं, हातात टोपली, मागे कागदाचं जंगल, आणि पानं अशी बारीक कातरलेली की सुलभा म्हणाली, हे कातरणाऱ्याचे डोळे गेले असतील. मधेच चित्र थांबून अक्षरं यायची, काटेरी कुंपणासारखी. सुलभाने विचारलं, काय लिहिलंय हो. मी म्हटलं, मला काय ठाऊक, फुकटात आलंय ते फुकटासारखं बघा. तेवढ्यात झाडामागून लांडगा आला. मुक्ता पाटावरून उठून उभी राहिली. आणि माझ्या शेजारून एक आवाज आला, जाडसर, लाडिक, थोडा खोकल्यासारखा. "खंय चल्लंस गो बाय, एकटीच?"

सुलभा घरात मालवणी बोलत नसे. माझ्या देशावरच्या कानांना ती सांभाळून घ्यायची. पण लांडगा मात्र पहिल्या वाक्यापासून मालवणी बोलला आणि पुढे कायम मालवणीच बोलत राहिला. चित्रातली मुलगी पुस्तकातलं मराठी बोलायची, अगदी शाळेतल्या बाईंसारखं. मुक्ता हसून लोळायची. मला वाटायचं, बायकोने नक्कल बरी केली. तो तिच्या आईचा आवाज होता, हे कळायला मला दोन-तीन शुक्रवार लागले. गेलेल्या माणसाचा आवाज तिने लांडग्याच्या तोंडात ठेवला होता, कारण त्या खोलीत दुसरं कोणी बोलत नव्हतं.

पहिलं रीळ एका घरापाशी संपायचं. जंगलात घर, घराला दार, दाराला कडी. मुलगी कडीवर हात ठेवायची आणि झप्पकन पांढरा उजेड. फिल्मची शेपटी फटफट वाजायची. मी दिवा बंद करून काळोखात, बॅटरी दातांत धरून, दुसरं रीळ लावायला घ्यायचो. दुसऱ्यात एकदम बकरीचं घर. बकरी बाहेर गेलेली, आत पिल्लं, आणि दाराबाहेर लांडगा पंजाला पीठ फासून आईसारखं बोलायचं नाटक करतोय. हे रीळ कागदाचं नव्हतं, रेघांनी काढलेलं होतं. पहिल्यातला लांडगा काडीसारखा, दुसऱ्यातला पोट सुटलेला. मुक्ताने लगेच विचारलं, हा जाडा कसा झाला. सुलभा म्हणाली, जेवून आला. आणि पहिल्यात सगळे काळे होते ते इथे गोरे कसे? आत दिवा लागला म्हणून, सुलभा म्हणाली.

आम्ही ती एकच गोष्ट समजलो होतो. दोन डबे, एक लांडगा, मधे एक बंद दार. आणखी काय समजणार? अक्षरं वाचता येणाऱ्याने ही चूक केली नसती. जर्मन बाईंकडून कधीतरी डबे बदलले असतील, एका गोष्टीचा उत्तरार्ध हरवला असेल, दुसरीचा पूर्वार्ध. पण आमच्या घरात टोपलीवाली मुलगी दारातून आत जायची आणि बकरीचं पिल्लू होऊन घड्याळाच्या पेटीत लपायची, आणि ते कसं, हे सुलभा रीळ बदलताना त्या काळोखात सांगायची.

हँडल फिरवणं हे सोपं काम नाही. मुक्ता पुढे कॅनडात जाऊन ही चित्रं हलवायची विद्या शिकली तेव्हा तिनेच मला फोनवर सांगितलं होतं की शंभर वर्षांपूर्वीच्या त्या मुक्या चित्रांना ठरलेला वेग नसे. एकेक हात, एकेक पाय जाड कागदातून कातरून तारेने जोडायचे, केसभर सरकवायचे, एक फोटो घ्यायचा, पुन्हा केसभर. मी म्हटलं, या मजुरीचा भाव कोणी केला असेल, कोणाला परवडलं असेल? ती हसली आणि म्हणाली, आणि एवढं करूनही ती मुलगी कशी चालणार हे शेवटी हँडल फिरवणाऱ्यावर. मला ते ऐकून बरं वाटलं होतं. मला ठाऊकच होतं ते. सुलभाचं वाक्य लांबलं की मी हात सैल सोडायचो, लांडगा पळायला लागला की जोर लावायचो. एकदाच थांबलो. मुक्ता म्हणाली, बाबा थांब, मला तिचं तोंड बघायचंय. मी थांबलो. भिंतीवर मुलीच्या गालाला तपकिरी फोड आला, पसरला, आणि टोपलीसकट जळून पांढरा झाला. त्यानंतर दर शुक्रवारी त्या जागी उजेडाचं एक भोक येऊन जायचं. साऱ्या दोह्यात तोवर माझ्याकडून सूट मिळवलेलं माणूस मुक्ता एवढंच.

ऑगस्टमध्ये वारा पडला, दमट हवा आली, शाळा सुरू झाली आणि पेटी पलंगाखाली गेली. पुढच्या जूनला टीव्हीचे चॅनल आले होते.

मुक्ता मोठी झाली तशी मराठीतून विचारलेल्याला इंग्रजीतून उत्तर द्यायला लागली. सगळ्यांचीच मुलं देतात. मी चिडायचो, सुलभा चिडायची नाही. ती मराठीत बोलत राहायची, मुलगी इंग्रजीत, आणि दोघींचं व्यवस्थित जमायचं. माझं नि तिचं एकाही भाषेत धड जमलं नाही. तिला चित्रांचं शिक्षण घ्यायचं होतं, मी म्हटलं, चित्रांनी घर चालत नाही. ती गेली. मी विमानतळावर सोडायला गेलो, तिथेही बॅगेच्या वजनावरून काउंटरवरच्या माणसाशी भांडलो.

सुलभा हिवाळ्यात गेली. आजार लहानसा वाटला होता. ज्या कार्गोच्या दारातून मी तरुणपणी लोकांची खोकी आत सरकवली, तशाच एका दारातून तिला मुंबईच्या विमानात चढवलं. तिथला माणूस मल्याळी होता, वयाने माझ्याएवढा. त्याने शवपेटीवर हात ठेवला आणि हळू म्हणाला, यल्ला, भाई. यल्ला म्हणजे अरबीत चला, आटपा; इतक्या हळू आवाजात हा शब्द मी आजवर ऐकला नव्हता.

दहाव्यानंतर मुक्ताने विचारलं, आईचा आवाज तुझ्या फोनवर आहे का. होता. येताना कोथिंबीर आणा. गॅसवाल्याला फोन केला का. अहो, उचला ना. सगळे असेच. मुक्ताने ते पुन्हा पुन्हा ऐकले आणि फोन परत दिला. गोष्ट कुठल्याच फोनवर नव्हती. लांडगा तर नव्हताच.

आता माझ्या रागाचं सांगतो. यंदा रमजानच्या आधी मुक्ताच्या कॉलेजने तिची मुलाखत इंटरनेटवर टाकली. ती आता फिल्म करते आहे, तशीच मुकी, काळ्या कागदाची, आणि तिच्यात तीच आमची चुकून जोडलेली गोष्ट. वर्गात तिला पहिल्यांदा कळलं होतं की त्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, सगळे हसले होते, आणि तिने ठरवलं की आपली जोडलेलीच खरी. मी दुकानात, एका विकायच्या सोफ्यावर बसून ते ऐकत होतो आणि माझा ऊर भरून आला होता. मग ती म्हणाली, माझ्या लहानपणी आई एक जुना प्रोजेक्टर चालवायची.

आई चालवायची.

मी फोन सोफ्यावर आपटला. सुलभाने त्या हँडलला बोट लावलं नव्हतं. ती पेटी कोणी आणली, कोणाशी भांडून आणली? दर शुक्रवारी, आठवड्यातला एकुलता एक सुट्टीचा दिवस, स्टुलावर बसून कोणाचं मनगट दुखलं? मी तिला फोन केला नाही. ईद गेली, तिचे मेसेज आले, मी अंगठ्याची खूण पाठवत राहिलो. उधारी बुडवणाऱ्याशीही मी इतका अबोला धरलेला नाही. अबू हमूरच्या बाईंच्या टेबलामागचा चौकोन बघेपर्यंत राग ताजा होता, आणि खोटं कशाला सांगू, आजही पुरता गेलेला नाही.

अबू हमूरहून आलो त्या शुक्रवारी दुपारी मुक्ताचाच फोन आला. तिच्याकडे सकाळ होती. खिडकीत बर्फ नव्हता, झाड होतं. तिने इकडचं तिकडचं काही विचारलं नाही.

"बाबा, दाराच्या आत काय होतं?"

हे मराठीत. बाकी सगळं ती इंग्रजीत म्हणाली, की फिल्म दारापर्यंत येऊन अडली आहे, मुलीचा हात कितीतरी दिवस कडीवरच आहे, तिने स्वतः दहा तऱ्हा करून पाहिल्या आणि सगळ्या खोट्या वाटतात. तिला आईचंच हवं आहे. दिवा लागला हे तिला आठवतं, लांडगा जेवून आला हे आठवतं, पण कडी उघडल्यावर काय, ते काही केल्या आठवत नाही.

मी म्हटलं, "प्रोजेक्टर तुझ्या आईने चालवला ना? मग तिलाच माहीत."

ती गप्प झाली. भाव करताना अशी शांतता आली की मी बोलत नाही. जो आधी बोलतो तो हरतो. मी बोललो नाही. पण फोनवर मला तिचा चेहरा दिसत होता, आणि तो अबू हमूरच्या बाईंसारखा उतरला नाही. तो सहा वर्षांचा झाला.

"मला तू दिसायचाच नाहीस, बाबा," ती म्हणाली. "मी भिंतीकडे बघायचे. मागून मशीनचा आवाज यायचा आणि आईचा आवाज यायचा. दोन्ही एकाच जागेवरून."

मी पेटी आणली. ती मी विकायला कधीच काढली नव्हती. गिऱ्हाइकांनी विचारलं होतं, चांगला भाव सांगितला होता, मी नुसती मान हलवायचो. चहाच्या डब्याला फोन टेकवून ठेवला आणि प्रोजेक्टर टेबलावर मांडला. बल्ब केव्हाचा गेलेला. फिल्म कडक झाली आहे, हातात घेतली की कुरकुरते. मी म्हटलं, मला काही आठवत नाही गं, मी त्या वेळी रीळ बदलण्यात गुंतलेला असायचो, ही शेपटी खाचेत जायची नाही आणि मी तोंडातल्या तोंडात शिव्या देत असायचो. बोलता बोलता हातांनी पहिलं रीळ उतरवलं. दुसरं चढवलं. शेपटी खाचेपाशी नेली, ती सटकली, आणि त्याच क्षणी माझ्या उजव्या हाताला, जमिनीच्या उंचीवरून, मला सुलभाचा आवाज आठवला. गोष्टीतला नव्हे.

झालं का हो?

दर वेळी विचारायची. सांगता सांगता मधेच, आवाज न बदलता. मी नाही म्हटलं की पुढे सांगायची. मी झालं म्हटलं की दाराआड बकरीची पिल्लं यायची. म्हणूनच ती मुक्ताजवळ पाटावर न बसता माझ्या शेजारी बसायची, माझे हात बघता यावेत म्हणून. शेपटी एका झटक्यात बसली तर घर रिकामं असायचं, मुलगी हाक मारायची आणि लगेच पिल्लं ओ द्यायची. अडकली तर आत ओटी असायची, माजघर असायचं, चूल, माठ, वाट बघत बसलेलं कोणीतरी. जितका माझा खोळंबा, तितकं घर मोठं. दाराआडची गोष्ट ठरलेली नव्हतीच. दर शुक्रवारी नवी होती, आणि काळोखात लेक घाबरू नये एवढ्यासाठी होती. आणि कदाचित आत कोण भेटतंय ते सुलभाला स्वतःलाच बघायचं असेल, म्हणून होती.

हे सगळं मी मुक्ताला सांगितलं. नीट सांगता आलं नाही. तिने विचारलं, म्हणजे खरी गोष्ट कुठलीच नाही? मी म्हटलं, नाही. ती रडली, आवाज न करता, त्या चित्रांसारखी. आईची ती गोष्ट ही एक वस्तू मी तिला कुठूनही, कुठल्याही भावात आणून देऊ शकत नव्हतो.

मग तिने नाक पुसलं आणि म्हणाली, "तू रीळ बदल. मी सांगते."

मी शेपटी पुन्हा काढली आणि पहिल्यापासून सुरुवात केली. बाहेर शमाल खिडकीला धक्के देत होता. मुक्ता मराठीत सांगायला लागली, अडखळत, एकेक शब्द उचलून बघत, जसा कोणी अनोळखी घरात काळोखात चाचपडत चालतो. मुलीने कडी उघडली. आत कोणी नव्हतं. आत अंधार होता, पण अंधारात टॉवेलचा वास होता, ओल्या. मुलगी म्हणाली, आई? तर आतून कोणी म्हणालं, खंय चल्लंस गो बाय. मुलीला वाटलं लांडगा आहे. पण तो लांडगा नव्हता. तो कोण होता, ते तिला बघायचं होतं, पण दिवा लागत नव्हता, कोणीतरी मागे दिवा लावत होतं, त्याला वेळ लागत होता…

ती थांबली. शब्द संपले असावेत. फोनमधून तिने माझ्या हातांकडे पाहिलं.

"झालं का, बाबा?"

फिल्म केव्हाच खाचेत बसली होती. मी खाचेवर अंगठा ठेवला.

"नाही," मी म्हटलं. "थोडी अडकलीय. तू सांग."